जेमतेम धरून ठेवलेला खेकडा

खिम्याचा कबाब सळईवर टिकतो, कारण त्यातलं मांस कच्चं असतं. मीठ घालून मळलं की कच्च्या मांसातली प्रथिनं चिकट होतात आणि विस्तवावर गेल्यावर एकमेकांना घट्ट धरतात. खेकड्याच्या बाबतीत ही सोय नाही. त्याचं कच्चं मांस लिबलिबीत असतं, कवचाला आतून चिकटलेलं असतं आणि अखंड निघत नाही. आधी खेकडा वाफवायचा, मगच मांस सुटतं. पण वाफवताना प्रथिनं गोठून जातात आणि त्यांचा चिकटपणा संपतो. क्रॅबकेक, म्हणजे खेकड्याच्या मांसाच्या वड्या, करणाऱ्याच्या हातात येणारं मांस स्वतःला धरून ठेवण्याची ताकद आधीच गमावून बसलेलं असतं.

अमेरिकेच्या पूर्व आणि दक्षिण किनाऱ्यावर या जाडसर वड्यांवरून जे वाद रंगतात, ते बहुतेक इथूनच निघतात. पाव किती घालायचा, अंडं एक की दोन, भोपळी मिरची चालेल की नाही, तव्यावर परतायच्या की ओव्हनमध्ये भाजायच्या. माझ्या मते उत्तम क्रॅबकेक जेमतेम धरून ठेवलेला असतो. उलटताना तो फुटत नाही, पण काटा लागताच पांढऱ्या मोठ्या फोडींमध्ये मोकळा होतो. हे साधायचं तर आधी खेकडा नीट ओळखायला हवा.

हा खेकडा म्हणजे ब्लू क्रॅब. ऑलिव्ह-हिरवट पाठ, नांग्यांवर निळी झाक. कॅनडाच्या नोव्हा स्कोशापासून अर्जेंटिनापर्यंत तो अटलांटिकच्या पश्चिम किनाऱ्यावर सापडतो, पण त्याचं नाव जोडलं गेलंय चेसापीक उपसागराशी. मेरीलँड आणि व्हर्जिनिया या दोन राज्यांत सुमारे ३०० किलोमीटर आत शिरलेली ही खाडी अमेरिकेतली सर्वांत मोठी. सस्क्वेहाना, पोटोमॅक, जेम्स अशा नद्यांचं गोडं पाणी वरून येतं, समुद्राचं खारं पाणी खालून. सरासरी खोली साडेसहा मीटरही नाही. असं उथळ, निमखारं, पाणगवताने भरलेलं पाणी खेकड्याला मानवतं. नर वरच्या कमी खाऱ्या पाण्यात रमतात. मादी आयुष्यात एकदाच जुगते आणि मग अंडी घालायला खाडीच्या मुखाकडे, खाऱ्या पाण्याकडे निघते. तिथले मासेमार नराला जिमी म्हणतात, वयात आलेल्या मादीला सूक. मादीच्या नांग्यांची टोकं लाल असतात. नखं रंगवलीत, असं लोक म्हणतात. पोटाखालची झडप नराची निमुळती असते, प्रौढ मादीची रुंद घुमटासारखी. आपल्या बाजारातही चिंबोरी उलटी करून पोट पाहूनच घेतली जाते, आणि लाख हवी असेल तर रुंद पोटाची निवडली जाते.

स्वयंपाकाच्या दृष्टीने या खेकड्याची सर्वांत महत्त्वाची गोष्ट म्हणजे तो पोहतो. पायांची शेवटची जोडी टोकाला चपटी, वल्ह्यासारखी असते. ही वल्ही फिरवणारे स्नायू शरीराच्या मागच्या भागात, दोन्ही बाजूंना एकेक असे असतात आणि सतत कामाने भरदार झालेले असतात. हेच ते जंबो लंप: एका खेकड्यातून फक्त दोन पांढरेशुभ्र गड्डे. शरीराच्या इतर कप्प्यांतून निघणारे लहान तुकडे म्हणजे लंप आणि बॅकफिन, त्याहून बारीक चुरा म्हणजे स्पेशल, आणि नांग्यांतलं तपकिरी, गोडसर, तंतुमय मांस म्हणजे क्लॉ. किंमत याच क्रमाने उतरत जाते. चव मात्र या क्रमाने जात नाही. नांगीच्या मांसाला खेकड्याची चव जास्त असते, आणि नुसत्या जंबो लंपचा महागडा क्रॅबकेक मला थोडा फिका वाटतो. दोन भाग लंप आणि एक भाग नांगीचं मांस हा मेळ मी केव्हाही पसंत करेन.

मांस काढणं हे या पदार्थातलं सर्वांत कष्टाचं काम, आणि पाककृतींच्या पुस्तकांत त्याला एखादी ओळ मिळते. ब्लू क्रॅबच्या जिवंत वजनातून जेमतेम १० ते १५ टक्के मांस निघतं. अर्धा किलो मांसासाठी तीन किलोंहून जास्त खेकडे लागतात. आखूड पात्याच्या सुरीने कवच कापायचं, कप्पे उघडायचे, गड्डा न मोडता बाहेर काढायचा, हे काम आजही मोठ्या प्रमाणात हातानेच होतं. मेरीलँडच्या क्रिसफील्ड, केंब्रिज, हूपर्स आयलंड अशा गावांतल्या कारखान्यांत अनेक पिढ्या ते प्रामुख्याने आफ्रिकन-अमेरिकन बायकांनी केलं. काढलेल्या मांसाच्या वजनावर मजुरी, त्यामुळे हात चालेल तेवढी कमाई. गेल्या काही दशकांत त्यांच्या जागी हंगामी व्हिसावर येणाऱ्या मेक्सिकन बायका बसू लागल्या. एखाद्या वर्षी व्हिसा कमी मिळाले, तर खेकडे असूनही टेबलं रिकामी राहतात. क्रॅबकेकच्या घासात कवचाचा कण लागत नाही, त्यामागे या बायकांची बोटं आहेत.

दुसरा बदल आणखी दूरचा. १९९० च्या सुमारास मेरीलँडच्या फिलिप्स कंपनीने फिलिपिन्समध्ये निळ्या पोहणाऱ्या खेकड्याचं मांस डबाबंद करून आणायला सुरुवात केली. तो खेकडा वेगळ्या जातीचा, पण त्याच पोहणाऱ्या कुळातला. त्यालाही मागे वल्ही आणि वल्ह्यांच्या मुळाशी गड्डे. पुढे इंडोनेशिया, व्हिएतनाम आणि भारतही या व्यापारात आले. तमिळनाडूच्या पाल्कची सामुद्रधुनी आणि मन्नारच्या आखातातले खेकडे तिथल्या बायका सोलतात, मांस पाश्चरीकृत होतं, डबे अमेरिकेला जातात. बॉल्टिमोरच्या एखाद्या उपाहारगृहात वाढलेला खेकडा रामेश्वरच्या आसपासच्या पाण्यातला असणं मुळीच अशक्य नाही. चेसापीकमधल्या खेकड्यांची संख्या इतकी घटली होती की २००८ साली केंद्र सरकारला तिथली मासेमारी आपद्‌ग्रस्त जाहीर करावी लागली. मेरीलँड आणि व्हर्जिनियाने मादीच्या पकडीवर कडक मर्यादा घातल्या, आणि हिवाळ्यात चिखलात रुतून बसलेल्या खेकड्यांना जाळीच्या फाळाने ओरबाडून काढण्याची जुनी पद्धत व्हर्जिनियाने बंद केली. महाग मांस जपून वापरावं लागतं. पावाचा चुरा किती, या प्रश्नाला अशी पैशाची बाजूही आहे.

मेरीलँडची बाजू अशी: पाव दिसता कामा नये. थोडं मेयोनेझ, मोहरी, एक अंडं, मूठभर चुरलेली खारी क्रॅकर्स, आणि ओल्ड बे. हा मसाला बॉल्टिमोरमध्ये घराघरात असतो. गुस्ताव ब्रून नावाच्या जर्मन ज्यू मसालेवाल्याला १९३८ च्या नोव्हेंबरातल्या हिंसाचारानंतर बुखेनवाल्डच्या छळछावणीत डांबलं गेलं होतं. तिथून सुटून तो १९३९ साली बॉल्टिमोरला आला आणि मसाल्यांचा धंदा उभा केला. आसपास सगळे खेकडे वाफवत होते. त्याने सेलरीचं बी, मिरी, लाल मिरची, पॅप्रिका वगैरे कुटून खेकड्यांसाठी मिश्रण बनवलं. त्याला नाव मिळालं ते बॉल्टिमोर ते नॉरफोक धावणाऱ्या बोटींच्या कंपनीचं. १९९० पासून हा मसाला मकॉर्मिक कंपनीकडे आहे.

दक्षिणेची बाजू वेगळी. दक्षिण कॅरोलायना आणि जॉर्जियाच्या किनाऱ्यालगतच्या सखल पट्ट्याला लोकंट्री म्हणतात. ती त्या मुलखाची खलाटी. दलदल, भरती-ओहोटीच्या खाड्या, जुनी भातशेती. ही भातशेती पश्चिम आफ्रिकेतून आणलेल्या गुलामांच्या कष्टांवर आणि त्यांच्या शेतीच्या ज्ञानावर उभी राहिली. त्यांचे वंशज, गला-गीची लोक, आजही त्या किनाऱ्यावर आणि बेटांवर राहतात. २००६ साली अमेरिकी काँग्रेसने त्यांच्या वारशाचा पट्टा म्हणून हा प्रदेश अधिकृतपणे नोंदवला. दोरीला कोंबडीची मान बांधून खाडीत सोडायची, खेकड्याने धरली की हळूहळू ओढायची आणि खालून जाळं घालायचं, अशी तिथली साधी पकड. त्या मांसाचा भात परततात. कवचात मसालेदार सारण भरून डेव्हिल्ड क्रॅब भाजतात. चार्ल्सटनचं मादीच्या लाखेचं सूप प्रसिद्ध आहे, पण अंडी बाहेर लगडलेली मादी धरायला तिथे बंदी आहे. या स्वयंपाकात खेकडा एकटा येत नाही. कांदा, सेलरी, भोपळी मिरची, थोडा तिखटपणा, चुरा, आणि शेजारी सॉस, असा त्याचा संसार असतो. चार माणसांपुरतं मांस सहा जणांना पुरवायची जबाबदारी ज्या घरात होती, त्या घरातल्या बाईने हा प्रकार विचारपूर्वकच घडवला. त्याला भेसळ म्हणणाऱ्या मेरीलँडकरांशी मी सहमत नाही. एक अट मात्र मलाही मान्य आहे: भाजी आणि चुरा यांनी मांसाची साथ करावी, जागा घेऊ नये.

आता प्रत्यक्ष कृती. ४५० ग्रॅम मांस घ्या. स्टीलच्या ताटात एकेक चिमूट वरून सोडा. कवचाचा तुकडा असेल तर टक् असा आवाज येतो. डोळ्यांपेक्षा ही परीक्षा खात्रीची. मांस ओलं असेल तर चाळणीत निथळू द्या, पण पिळू नका. पिळलं की गड्डे मोडतात आणि चव पाण्याबरोबर जाते.

दोन मोठे चमचे बारीक चिरलेली लाल भोपळी मिरची, दोन चमचे पातीचा कांदा आणि एक चमचा सेलरी थोड्या लोण्यात तीन-चार मिनिटं परतून पूर्ण गार करा. ही पायरी बरेच लोक टाळतात आणि मग क्रॅबकेक का फुटतो म्हणून विचारतात. कच्ची भोपळी मिरची तव्यावर पाणी सोडते. ते पाणी वाफ होऊन आतून ढकलतं आणि नाजूक बांधणी उसवते. परतल्याने पाणी आधीच निघून जातं, शिवाय मिरचीचा उग्र वास मवाळ होतो.

दुसऱ्या भांड्यात एक अंडं, चार मोठे चमचे मेयोनेझ, एक चमचा दाणेदार मोहरीचा सॉस, एक लहान चमचा वूस्टरशायर सॉस, एक लहान चमचा ओल्ड बे, अर्ध्या लिंबाची किसलेली साल आणि चिमूटभर लाल तिखट फेटून घ्या. त्यात गार भाजी आणि दहा-बारा खारी क्रॅकर्सचा चुरा मिसळून पाच मिनिटं थांबा. मग मांस घाला आणि बोटांनी खालून वर उचलत मिसळा. चमचा नको, मळणं तर नकोच. मीठ चाखून पाहा. मसाल्यात, क्रॅकर्समध्ये आणि मांसात ते आधीच असतं.

यातला प्रत्येक घटक काय करतो? अंडं हाच खरा बांधणारा, कारण या सगळ्यात कच्चं प्रथिन फक्त त्याच्याकडे आहे. त्याचा पांढरा बलक साठ अंशांच्या पुढे गोठू लागतो आणि गोठताना मधल्या तुकड्यांना जाळ्यात धरतो. दोन अंडी घातली तर जाळं घट्ट होतं आणि क्रॅबकेक ऑम्लेटच्या वाटेला लागतो. चुरा पाणी शोषून मिश्रण आवरतो. मेयोनेझमधलं तेल आधीच शिजलेल्या मांसाला पुन्हा कोरडं होऊ देत नाही. काही कसलेले आचारी चुरा जवळजवळ वगळून थोडी कच्ची कोळंबी वाटून घालतात. वर सांगितलेलाच नियम तिथे लागू होतो: कच्च्या कोळंबीच्या प्रथिनांत चिकटण्याची ताकद शाबूत असते, आणि ती खेकड्याच्या कामी येते. कोळंबी स्वस्त आणि खेकडा महाग असेल तेव्हा मला ही युक्ती फार शहाणपणाची वाटते.

मिश्रणाचे सहा भाग करा, साधारण १०० ग्रॅमचा एक. सात सेंटीमीटर रुंद, अडीच सेंटीमीटर जाड अशा वड्या ओंजळीत हलकेच आकाराला आणा. कडा दाबून गुळगुळीत करायचा मोह आवरा. ताटलीत ठेवून झाका आणि निदान एक तास फ्रिजमध्ये ठेवा. या तासात चुरा ओलावा पिऊन फुगतो, स्निग्ध भाग घट्ट होतो, आणि अजून न शिजलेल्या अंड्याला वडी तव्यावर पोचेपर्यंत आधार मिळतो. घाईत काही वगळायचंच असेल तर सेलरी वगळा, हा तास नको.

बिडाचा जाड तवा मध्यम आचेवर तापवा. दोन चमचे तेल आणि एक चमचा लोणी. नुसतं लोणी लवकर करपतं, नुसत्या तेलात तो खमंग वास येत नाही. वड्यांवर कोरड्या चुऱ्याची पातळ भुकटी भुरभुरून त्या तव्यात सोडा आणि चार मिनिटं हात लावू नका. खालची बाजू तपकिरी झाली की ती तव्यापासून आपोआप सुटते. ओढावी लागत असेल तर ती अजून तयार नाही. रुंद उलथन्याने एकदाच उलटा, दुसऱ्या हाताने वरून हलका आधार द्या, आणखी चार मिनिटं. मधोमध अंडं शिजायला हवं, म्हणजे थर्मामीटर असेल तर ७१ अंश सेल्सिअस. खेकडा आधीच शिजलेला आहे, त्यामुळे याच्या पुढे प्रत्येक मिनिट नुकसानीचं.

आता सॉस. लोकंट्रीपासून मेक्सिकोच्या आखातापर्यंत क्रॅबकेकच्या शेजारी जो सॉस सर्वाधिक शोभतो तो रेमुलाड. मूळचा फ्रेंच, मेयोनेझ, मोहरी आणि हिरव्या पाल्याचा. फ्रान्समध्ये तो किसलेल्या सेलरीच्या कंदावर घालतात. न्यू ऑर्लिन्सला पोचल्यावर त्यात दाणेदार क्रिओल मोहरी, पॅप्रिका, लाल तिखट आणि हॉर्सरॅडिश नावाचं झणझणीत मूळ आलं, रंग तांबूस झाला, आणि तो थंड उकडलेल्या कोळंबीवर विराजमान झाला. खेकड्यापर्यंत त्याला फार लांब जावं लागलं नाही.

त्याचा पाया मेयोनेझ, आणि दक्षिणेत मेयोनेझ म्हटलं की ड्यूक्स. दक्षिण कॅरोलायनाच्या ग्रीनव्हिलमध्ये युजेनिया ड्यूक या बाई १९१७ साली जवळच्या लष्करी छावणीतल्या सैनिकांना सँडविच विकत असत. सँडविचपेक्षा त्यातल्या मेयोनेझचं नाव झालं आणि १९२९ साली त्यांनी ती कृती सॉअर कंपनीला विकली. त्यात साखर नसते. आपल्याकडे मिळणारं बरंच मेयोनेझ गोडसर असतं आणि बिनअंड्याचंही असतं. असं वापरत असाल तर लिंबू आणि मोहरी दोन्ही वाढवा, नाहीतर खेकड्याच्या गोडीवर साखरेची गोडी चढते आणि दोन्ही फसतात.

एक कप मेयोनेझमध्ये दोन मोठे चमचे दाणेदार मोहरी, एक चमचा पॅप्रिका (काश्मिरी मिरचीची पूड उत्तम चालते), पाव चमचा तिखट, एक ठेचलेली लसणाची पाकळी, दोन चमचे पातीचा कांदा, एक चमचा बारीक चिरलेली सेलरी, एक चमचा व्हिनेगरमधली काकडी, एक मोठा चमचा लिंबाचा रस आणि एक चमचा किसलेलं हॉर्सरॅडिश. हे मूळ आपल्याकडे सहज मिळत नाही, पण त्याचा नाकात चढणारा झणका आणि आपल्या फेसलेल्या मोहरीचा झणका हे एकाच रसायनाचं काम आहे. मोहरी पाण्यात वाटली की तिच्यातलं विकर जागं होतं आणि ते तिखट द्रव्य तयार होतं. काही मिनिटांनी आंबट घातलं की झणका टिकून राहतो, आणि उष्णता लागली की उडून जातो. म्हणून एक चमचा मोहरीची पूड थोड्या थंड पाण्यात फेसा, दहा मिनिटं ठेवा, मग लिंबाबरोबर सॉसमध्ये घाला. लोणचं किंवा पंचामृत करताना ज्यांनी मोहरी फेसली आहे, त्यांना याहून जास्त सांगायला नको. सॉस दोन-तीन तास फ्रिजमध्ये मुरू द्या. लसूण मवाळ होतो, पॅप्रिकाचा रंग तेलात उतरतो.

महाराष्ट्राच्या किनाऱ्यावर राहणाऱ्यांना डबाबंद मांस शोधत बसायची गरज नाही. आपली काळी चिंबोरी आणि पाठीवर तीन ठिपके असलेला समुद्री खेकडा, दोघंही त्याच पोहणाऱ्या कुळातले. मागचे पाय चपटे असतील तर त्यांच्या मुळाशी गड्डा असतोच. रश्श्यात तो आपण चोखून खातो, त्यामुळे कधी सुटा दिसत नाही. निदान दोन किलो जड, जिवंत चिंबोऱ्या घ्या आणि अर्धा तास बर्फात ठेवा. त्या निपचित होतात आणि वाफेला लागताच नांग्या गाळत नाहीत. आकाराप्रमाणे १५ ते २० मिनिटं वाफवा, पूर्ण गार करा, कल्ले टाकून द्या, शरीराचे दोन भाग करा आणि मागच्या पायाच्या सांध्याजवळून कवच उघडा. लाख निघाली तर क्रॅबकेकमध्ये मिसळू नका, मिश्रण जड होतं. चमचाभर सॉसमध्ये घोटा, चव एकदम गडद होते.

वाढताना सॉस खाली पसरा आणि क्रॅबकेक त्यावर ठेवा; वरून ओतला की चार मिनिटं राखलेला कुरकुरीतपणा जातो. बरोबर तळलेले हिरवे टोमॅटो, कोबीचं आंबटसर कोलस्लॉ, किंवा मक्याच्या जाड रव्याचे मऊ शिजवलेले ग्रिट्स. आकार दिलेल्या कच्च्या वड्या झाकून फ्रिजमध्ये दुसऱ्या दिवसापर्यंत राहतात. तळलेल्या उरल्या तर मंद तव्यावर गरम करा, मऊ पावात टोमॅटोच्या चकतीबरोबर घाला आणि त्या वेळी सॉस सढळ हाताने लावा, कारण पावात तो कुरकुरीतपणा तसाही टिकत नाही.